खेळाच्या साहित्याची खोली

कुठे कार्यक्रमाला बोलावलं की माझी ओळख करून देणारा माणूस एक वाक्य हमखास म्हणतो. "मुलीमुळे मॅडमना सेवेचा मार्ग सापडला." मी हात जोडून बसते. खरं सांगायचं तर मला सेवाबिवा काही करायची नव्हती. मला दोन माणसांना धडा शिकवायचा होता. एक माझ्या मुलीची पहिलीची बाई आणि दुसरे तिच्या शाळेचे मुख्याध्यापक. विशेष शिक्षणाचा कोर्स, नोकरी, बार्शीटाकळीपासून पुढच्या शाळांमध्ये वणवण फिरणं, हे सगळं त्या कामासाठी जमवलेलं सामान होतं.

आम्ही अकोल्यात राहायचो. नवरा कृषी सहाय्यक. ती वर्षंच शेतकऱ्यांच्या आत्महत्यांची होती, त्याचा पाय घरात ठरत नसे. आज या गावी पंचनामा, उद्या त्या गावी मुंबईहून आलेलं पथक, परवा कुणी मोठा माणूस भेट देणार म्हणून याद्या. घरी यायचा, बूट काढायचा आणि भिंतीला पाठ टेकून बसायचा. बोलायचा नाही. मुलगी त्याच्या शेजारी येऊन बसायची. तीही बोलायची नाही. त्या घरात आवाज करणारी मी एकटीच होते.

मुलगी चार वर्षांची होईपर्यंत आम्ही ऑटिझम हा शब्द ऐकला नव्हता. डॉक्टरांनी त्याचं मराठीही सांगितलं, स्वमग्नता. घरी येऊन मी तो शब्द पुष्कळ वेळा म्हणून पाहिला आणि मला तो पटला नाही. ती स्वतःत कुठे मग्न होती? ती बाकी सगळ्यांत मग्न होती. पंख्याची घरघर, चादरीचा काठ, शेजारच्या गिरणीचा फिरता पट्टा. कुकरची शिट्टी व्हायच्या आधीच तिचे हात कानांवर जायचे, कारण आतली वाफ तिला आमच्या आधी ऐकू यायची. तिच्याजवळ चाळीसेक शब्द होते. ते मी कालनिर्णयाच्या मागच्या कोऱ्या बाजूला लिहून ठेवले होते. त्यातला सगळ्यात मोठा होता, "नळ आले." अकोल्यात नळ कितीतरी दिवसांनी यायचे. आले की सगळी गल्ली बादल्या घेऊन धावायची, हसायची, ओरडायची. म्हणून आनंदाला तिने तेच नाव दिलं होतं. बाबा घरी आले, "नळ आले." पुरी फुगली, "नळ आले."

घराजवळच्या अनुदानित शाळेत मी तिचं नाव घातलं. शाळा शिस्तीसाठी प्रसिद्ध होती. मी काही लपवलं नाही. मुख्याध्यापकांना सगळं सांगितलं आणि एका कागदावर लिहूनही दिलं: हिला दाराजवळ बसवा, घंटेच्या आधी सांगा, कान झाकले तर झाकू द्या, मोठ्या आवाजाचा फार त्रास होतो. त्यांनी तो कागद वाचला, चष्मा वर केला आणि म्हणाले, "आमच्याकडे भलेभले सुधारतात. काळजी करू नका." वर्गाच्या बाई माझ्याच वयाच्या होत्या, तेल्हाऱ्याकडच्या. त्यांनी कागदाची घडी करून हजेरीपटात ठेवली. वर्गात साठच्या वर मुलं होती. बाईंच्या चेहऱ्यावर काहीच दिसलं नाही, राग नाही की लोभ नाही.

मधल्या सुटीत मी डबा भरवायला जायचे, कारण ती तिथे एकटी जेवायची नाही. चार-पाच महिने असे गेले.

त्या काळात आमच्याकडे बाहेरून फार माणसं यायची. कॅमेरे घेऊन यायची, वाटायला काहीतरी घेऊन यायची. ज्या घरांत कर्ता माणूस गेला होता, त्या घरांतली पाच-सहा मुलं त्या शाळेत होती. त्यांना दप्तरं वाटायचा कार्यक्रम ठरला. शाळा धुतली, रांगोळ्या काढल्या, मांडव घातला, माईक लावला. त्या दिवशी मला फाटकावरच सांगितलं, "आज मधल्या सुटीत येऊ नका. पाहुणे आहेत."

मी गेले नाही. या गोष्टीचा मी स्वतःवर ठेवलेला राग इतर कुठल्याही रागापेक्षा जुना आहे.

पाहुण्यांच्या गाड्या गेल्या तेव्हा सव्वादोन वाजले होते. मी फाटकात उभी होते. शाळेतली शिपाई मावशी माझ्या मुलीला कडेवर घेऊन आली. सहा वर्षांचं लेकरू कडेवर. केस पांढरेफटक झाले होते. मैदानावर रेषा मारायची फक्की असते ना, चुन्याची, ती तिच्या डोक्यावर, पापण्यांवर, नाकात. फ्रॉक ओला. डाव्या हाताच्या मनगटावर तिने स्वतःच्याच दातांनी जखम केली होती.

मावशी माझ्याकडे न पाहता बोलली, "ताई, माह्यं नाव नका सांगू कोणाले. अकरा वाजताच कोंडलं तिले. खेयाच्या सामानाच्या खोलीत. माईक वाजला की ते वरडे, म्हणून. चाबी सायबापाशी होती. मोटारी गेल्या, तवा बाईनं उघडलं."

"रडली का हो?"

"पयले रडली. दार ठोकलं. मंग नाई."

मी तशीच मुख्याध्यापकांच्या खोलीत गेले. मुलगी माझ्या खांद्यावर होती. टेबलावर हारांचा ढीग होता. ते पाहुण्यांच्या मागे धावून नुकतेच खुर्चीत टेकले असावेत, घाम पुसत होते. मी विचारलं, "तुम्ही माझ्या मुलीला कोंडलं?"

ते शांतपणे म्हणाले, "कोंडलं काय म्हणता? शांत खोलीत बसवलं होतं. आवाजाचा त्रास होतो म्हणून तुम्हीच लिहून दिलं होतं ना? आम्ही तुमच्याच कागदाप्रमाणे वागलो."

बाई कपाटाशी उभ्या होत्या. हजेरीपट छातीशी धरला होता. मी त्यांच्याकडे पाहिलं. त्यांनी हजेरीपटाकडे पाहिलं.

दुसऱ्या दिवशी शिपायाच्या हाती शाळा सोडल्याचा दाखला घरी आला. मी मागितला नव्हता. वर्तनाच्या रकान्यात लिहिलं होतं, असमाधानकारक.

मुलीचे शब्द गेले. एकदम नाही, आठवडाभरात एकेक करून. मी कालनिर्णयामागची यादी घेऊन बसायचे आणि खोडत जायचे. चार दिवसांनी नळ आले. गल्लीत बादल्यांचा दणदणाट झाला. ती मोरीच्या उंबऱ्यावर बसून धारेकडे पाहत राहिली. मी म्हटलं, "बघ, काय आले? सांग, काय आले?" तिने माझ्या तोंडावर हात ठेवला. मी तो शब्द शेवटी खोडला. पेन इतकं दाबलं की कागद फाटला.

नवऱ्याने दोनतीनदा माझी समजूत काढली. "जाऊ दे. कोणाकोणासंगं भांडशीन तू?"

"सगळ्यांसंगं."

"मी दिवसभर लोकायचं दुःख लिहून घेऊन येतो. माह्यात आता ताकत नाई उरली."

"तुले कोण म्हणते भांड म्हणून? मी आहे ना."

वर्षभर मुलगी घरी होती. मग महापालिकेच्या एका शाळेने तिला घेतलं. त्यांचा पट कमी होता, त्यांना डोकी हवी होती, म्हणून मला मागच्या बाकावर बसू देण्यालाही त्यांची हरकत नव्हती. तिथे बसून मी पुष्कळ शिकले. घंटा होण्याआधी दोन मिनिटं तिला बाहेर काढलं तर पुढचा तास सुरळीत जातो. पुढे काय होणार ते चित्रांनी भिंतीवर क्रमाने लावलं तर ती स्वतः जाऊन पाहते. वर्ग असह्य झाला की तिला बाहेरच्या लिंबाला एक चक्कर मारून येऊ द्यायची, ती परत येते. कुणी मागे धावलं नाही तर नक्की येते.

यातलं एकही काम अवघड नव्हतं. साठ मुलांच्या वर्गातही करता आलं असतं. हे कळलं तेव्हा माझा राग थंड झाला, आणि थंड झाल्यावर तो जास्त कामाचा झाला.

अमरावतीला विशेष शिक्षणाचा दोन वर्षांचा कोर्स होता. मी नाव घातलं. सकाळच्या एसटीने आम्ही दोघी निघायचो. ती खिडकीशी, मी तिच्या शेजारी, मांडीवर पुस्तक. मूर्तिजापूरला गाडी थांबली की फेरीवाल्यांच्या आवाजाने ती कान झाकायची आणि मी तिच्या हातांवर माझे हात ठेवायचे. तिकडे सरावासाठी मुलांचा एक वर्ग होता, त्यात ती बसायची. बाकीच्या विद्यार्थिनी वहीत पाठाची उद्दिष्टं लिहायच्या. मी समासात लिहायचे: हे त्या दोघांनी केलं नाही. हेही केलं नाही. हे माहीत असूनही केलं नाही. परीक्षेत मी पहिली आले. प्राचार्यांनी कौतुक केलं, "किती तळमळ आहे तुमच्यात." मी म्हटलं, "आहे खरी."

पुढे शिक्षण विभागात कंत्राटी विशेष शिक्षिका म्हणून लागले. गावोगावच्या शाळांत जायचं, अशी मुलं शोधायची, त्यांना वर्गात टिकवायचं, मास्तरांना शिकवायचं. मी कामात चांगली होते. रागावलेलं माणूस वक्तशीर असतं. ज्या मास्तरांनी "आमच्याकडे असलं कोणी नाही" म्हणून सांगितलं, त्यांच्या शाळेत मी दुसऱ्या दिवशी पुन्हा गेले आणि तिसऱ्या दिवशीही. दरम्यान शिक्षणहक्काचा कायदा आला. आता कुठल्याही शाळेला असं लेकरू नाकारता येत नव्हतं. मी ते कलम पाठ केलं. आंघोळ करताना म्हणायचे.

मग अकोल्यात शिक्षकांचं तीन दिवसांचं प्रशिक्षण लागलं. शिकवणारी मी होते. पहिल्या दिवशी सकाळी हजेरीचा कागद माझ्या हाती आला आणि त्यात त्या शाळेचं नाव दिसलं. मी मान वर केली. तिसऱ्या ओळीत, खिडकीच्या बाजूला, त्या बसल्या होत्या. केस कानाजवळ पिकले होते. बाकी चेहरा तोच, काही न दाखवणारा.

त्यांनी मला ओळखलेलं दिसत नव्हतं. मला बरंच वाटलं. ओळखलं असतं तर मला जे करायचं होतं ते करता आलं नसतं.

दोन दिवस मी नीट शिकवलं. तिसऱ्या दिवशी म्हटलं, "आज एक प्रयोग करू. एक जण हवा." कुणी उठायच्या आत मी बोट दाखवलं, "तुम्ही या." त्या उठल्या. हॉलला लागून जुन्या बाकड्यांची अंधारी खोली होती. मी आदल्या दिवशीच पाहून ठेवली होती. मी म्हटलं, "आत बसा. मी उघडेपर्यंत बाहेर यायचं नाही." त्या पर्स घेऊन आत गेल्या. मी कडी लावली.

मग मी चाळीस शिक्षकांना गोष्ट सांगितली. दप्तरं, माईक, फक्की, मनगट, दाखला. नावं घेतली नाहीत. गावही सांगितलं नाही. पण सांगता सांगता मी दोनदा त्या बंद दाराकडे पाहिलं, आणि वर्गाला कळलं. मला दिसत होतं की एकेकाला कळत चाललंय. कुणीतरी म्हणालं, "मॅडम, आता उघडा." मी म्हटलं, "तेव्हा कुणी म्हटलं नव्हतं."

मी आतल्या आवाजाची वाट पाहत होते. दार ठोकलं जावं, "उघडा हो" म्हणून हाक यावी. ती हाक कानांनी ऐकायची म्हणून मी सात वर्षं काढली होती. आवाज आलाच नाही.

पाऊण तासाने मी कडी काढली. त्या एका मोडक्या बाकावर ताठ बसल्या होत्या, पर्स मांडीवर, पदर डोक्यावरून नीट घेतलेला. मी दारातच उभी राहिले. त्या हळू आवाजात बोलल्या, "पयल्या दिवशीच ओळखलं मी तुमाले."

"मग आत काहून आल्या?"

"सर म्हणले, तवा कोंडलं. आता तुमी म्हणल्या, बसली."

त्यांनी माफी मागितली नाही. डोळ्यांत पाणीसुद्धा नव्हतं. उठत म्हणाल्या, "त्या दिवशी मी दारापाशी उभी होती थोडा वेळ. मंग माह्या वर्गाची रांग लावाची होती, तर गेली." आणि माझ्या बाजूने बाहेर निघून आपल्या जागेवर जाऊन बसल्या. चहा आला. त्यांच्या शेजारची बाई तिचा कप घेऊन दुसरीकडे सरकली.

त्या दिवशी घरी जाताना मला बरं वाटलं का? वाटलं. वाटलं नाही असं म्हणून कशाला खोटं बोलू? चालता चालता मी चक्क गुणगुणत होते. फक्त त्यांचं ते वाक्य मधेच येऊन गुणगुणणं तोडायचं. सर म्हणले तवा, आणि तुमी म्हणल्या आता. मला त्यांनी साहेबांच्या ओळीत बसवलं होतं, आणि तेही आवाज न चढवता.

पंधरा दिवसांनी माझ्या कार्यालयात एक माणूस आला. गादी कारागीर होता, मूळचा बार्शीटाकळीचा, गावात काम उरलं नाही म्हणून कुटुंब घेऊन अकोल्यात आलेला. कापूस पिंजता पिंजताच निघाला असावा, भुवयांना तंतू चिकटले होते. खुर्चीच्या कडेवर बसला. त्याचा सात वर्षांचा मुलगा त्या शाळेत होता, पहिलीत, आणि तो माझ्या मुलीसारखाच होता. मला पत्ताच नव्हता. त्या शाळेच्या कागदांवर "असं मूल नाही" असंच लिहिलेलं असायचं.

तो म्हणाला, "मॅडम, छे महिने से बच्चा बराबर बैठ रहा था. उस बाई ने घंटे के डंडे को कपडा बांधा था, इसके वास्ते. आवाज कम आता था. दरवाजे के पास बिठाती थी. रोज घंटे के पहले बाहर ले जाती थी. अब उस बाई को पहलीसे निकाला. बडे साब बोले, इसने शाळेची बदनामी की. नई बाई बोलती, बच्चे को ले जाओ."

मी त्याला दोनदा विचारलं, घंटेला कपडा कोणी बांधला? त्याने दोनदा तेच सांगितलं.

माझा कागद त्यांनी हजेरीपटात ठेवला होता. तो त्यांनी फेकला नव्हता. सात वर्षांनी, कुणी न सांगता, त्यातली एकेक ओळ त्या दुसऱ्याच्या लेकरासाठी वापरत होत्या. आणि मी भर हॉलमध्ये त्यांच्यावर कडी लावून त्यांच्या मुख्याध्यापकांना आयता गुन्हेगार पुरवला होता. गोष्ट कानावर जाताच त्यांनी बाईंना मेमो दिला होता. घडल्या प्रकाराला बाई वैयक्तिक जबाबदार, शाळेचा संबंध नाही.

मला लाज वाटली. पण लाजेने मी मऊ पडले असं मात्र झालं नाही. बाईंना मी क्षमा केली नाही, आजही नाही. सहा वर्षांच्या मुलीला आतून दार ठोकताना ऐकून जी रांग लावायला गेली, तिने पुढे किती घंटांना कपडे बांधले तरी ती गेलीच होती. मला फक्त एवढं कळलं की मी नेम धरण्यात चूक केली. चावी साहेबांकडे होती.

दुसऱ्या दिवशी गादी कारागिराला घेऊन मी शाळेत गेले. मुख्याध्यापक उठून उभे राहिले. "या मॅडम, या. तुमचं नाव फार ऐकलंय." चहा मागवला. मी चहाला हात लावला नाही.

"ह्या मुलाला तुम्ही घरी पाठवलं?"

"घरी पाठवलं असं नाही. पालकांना समजावलं. त्याच्याच हिताचं आहे."

"लिहून द्या."

"काय?"

"हेच. ह्या मुलाला आम्ही शाळेत ठेवू शकत नाही, त्याच्या हितासाठी. खाली सही, शिक्का, तारीख. मी घेऊन जाते."

ते हसले. मग हसणं थांबलं. मी कलम म्हणून दाखवलं, स्वल्पविरामासकट. मी त्यांच्यासमोर कोरा कागद ठेवला, पेनाचं टोपण काढून पेन त्यावर आडवं ठेवलं, आणि बसून राहिले. गादी कारागीर घाबरून माझ्याकडे पाहत होता. असा अर्धा तास गेला असेल. त्या अर्ध्या तासात त्यांनी पाणी मागवलं, फोन उचलला आणि ठेवला, घाम पुसला. मी हाललेही नाही. मला आयुष्यात इतकं सुख क्वचित मिळालंय.

शेवटी म्हणाले, "मॅडम, तुम्हाला नेमकं काय हवंय?"

"मुलगा उद्या वर्गात. बाई उद्या पहिलीवर, मेमो मागे. आणि खेळाच्या साहित्याची खोली मला."

"ती कशाला?"

"दर गुरुवारी मी इथे येणार. अशी मुलं घेऊन बसायला जागा लागते."

तेव्हा त्यांनी माझ्याकडे पहिल्यांदा नीट पाहिलं. कागदावरून, खुर्चीवरून नजर वर आली आणि थांबली. "तुम्ही... ती मुलगी..."

"हो."

"अहो, त्या वेळची परिस्थिती वेगळी होती. दबाव होता. मला कल्पना नव्हती की तुम्ही..."

"की मी काय? परत येईन?"

खोली मिळाली. मी पहिल्याच गुरुवारी सुतार आणून दाराचा पल्ला काढला. मुख्याध्यापकांनी पल्ला मागितला तर तो माझ्या कार्यालयात ठेवला, परत दिला नाही. लेझिमी, गाद्या, फक्कीची पोती बाहेर काढली. पुढची चार वर्षं दर गुरुवारी त्यांना आपल्या खोलीतून वर्गाकडे जाताना त्या उघड्या चौकटीवरून जावं लागे, आणि आत मी दिसे. मी नमस्कार करायचे. दर वेळी. इतका नम्र नमस्कार मी कुणालाच केला नाही. पहिल्या वर्षी त्या खोलीत तीन मुलं होती. पुढे अकरा झाली. शहरात कुठेही असं मूल कुणी नाकारलं की मी त्यांच्याच शाळेत आणून सोडायचे. त्यांनी एकदा विनवलं, "दुसऱ्याही शाळा आहेत हो." मी म्हटलं, "पण तुमच्यासारखी शिस्त कुठे?"

पहिलीचा वर्ग बाईंकडेच राहिला. आम्ही बरोबर काम केलं. कामापुरतं बोललो. गादी कारागिराचा मुलगा तिसरीत वाचायला लागला, आधी दुकानांच्या पाट्या, मग पुस्तक. बाईंनी मला एकदा घरी जेवायला बोलावलं, भरीत-भाकरीचं. मी गेले नाही.

गंमत अशी की त्या अकरा मुलांमुळे शाळेचं नाव झालं. समावेशक शाळा म्हणून फलक लागला आणि फलकावर मुख्याध्यापकांचा फोटो. ते निवृत्त झाले तेव्हा निरोप समारंभात याच गोष्टीवर भाषणांमागून भाषणं झाली. मलाही दोन शब्द बोलायला बोलावलं. मी मुलीला घेऊन गेले होते. ती तेव्हा सतरा वर्षांची होती. शब्द परत आले होते, सगळे नाही, पण लागतील तितके. माईकने शिट्टी मारली तशी ती उठली, बाहेर जाऊन मैदानाला एक चक्कर मारली आणि परत येऊन पहिल्या रांगेत बसली. मी ती बसेपर्यंत थांबले.

मग म्हटलं, "सरांचं या कामातलं योगदान फार जुनं आहे. पहिल्या रांगेत बसलेली ही माझी मुलगी या शाळेत होती. सरांनी हिला शांत खोली दिली होती. अकरा वाजल्यापासून सव्वादोनपर्यंत. चावी त्यांनी स्वतः सांभाळली." मी तारीख सांगितली, वारही सांगितला. दाखल्यावरचा शेरा वाचून दाखवला. दाखला मी प्लास्टिकच्या पिशवीत घालून नेला होता. एवढंच बोलून खाली उतरले.

मांडवात कुणी टाळी वाजवली नाही. सर हारांमध्ये मान खाली घालून बसले होते, आणि त्यांच्या बायकोने त्यांच्याकडे वळून काहीतरी विचारलं. काय ते मला ऐकू आलं नाही, पण त्यांनी उत्तर दिलं नाही हे दिसलं. नंतर जेवणं झाली. लोक जिलेबी खात होते आणि माझ्या आजूबाजूला जागा मोकळी होती. संस्थेचे एक वयस्कर सदस्य येऊन म्हणाले, "खरं असेल हो, पण आजच्या दिवशी नको होतं." मी विचारलं, "मग कोणत्या दिवशी?" ते गेले. मुलीने तीन जिलेब्या खाल्ल्या आणि घरी चल म्हणाली.

पुढे एकदा चहा पिताना नवरा म्हणाला, "मी असतो तं खुर्चीवर उभा राहून टाया वाजवल्या असत्या." त्याला यायला जमलं नव्हतं, त्या दिवशीही तो कुठल्या तरी गावी होता.

बाई गेल्या वर्षी निवृत्त झाल्या. मागच्या महिन्यात त्यांचा फोन आला. त्यांच्या शेजारी नवीन बिऱ्हाड आलंय, चार वर्षांची पोर आहे, कान झाकते, पंख्याखाली गोल गोल फिरते. आईबापाला काही समजत नाही. कुठे न्यावं, बालवाडीत काय सांगावं, कागदावर काय लिहून द्यावं, हे त्यांनी एकेक करून विचारलं. मी सगळं सांगितलं, सावकाश, त्या लिहून घेत होत्या म्हणून थांबत थांबत. डॉक्टरांची वेळसुद्धा सांगितली. सगळं लिहून झाल्यावर त्या जरा घुटमळल्या आणि म्हणाल्या, "तुमची पोरगी कशी आहे?"

मी म्हटलं, "त्या लेकराबद्दल अजून काही विचारायचं असेल तर विचारा."

"नाई, झालं."

मी फोन ठेवला.